पाचव्या डब्यातली आंघोळ

१

अकोल्याच्या जठारपेठेत शेठ गोवर्धन यांचं पत्र्याचं थिएटर होतं. तिथे त्या दिवशी दुपारी जातीचे पाच पंच सिनेमा पाहायला यायचे होते, आणि सिनेमाचा नेमका जो भाग पाहायला ते यायचे होते, तो चोरीला गेल्याचं सकाळी उघडकीस आलं.

चित्रपटाचं नाव 'काली घाटी की कातिल'. चित्रपट मुका. बोलपट येऊन वर्षं लोटली होती, पण शेठजी अजून मुकेच लावत. एक तर ते स्वस्त मिळत. शिवाय दोन आण्यांचा प्रेक्षक स्वतःच इतका बोलतो की पडद्याने बोलून कोणाला ऐकू जाणार नव्हतं. चित्रपटाचे भाग नऊ. त्यांचे पत्र्याचे नऊ डबे, प्रत्येकावर पांढऱ्या रंगाने आकडा. यंत्र एकच असल्यामुळे दर भागानंतर दिवे लागत, मग पडद्यावर 'भाग दुसरा', 'भाग तिसरा' अशी पाटी येई.

चौथ्या आणि सहाव्या डब्यांच्या मध्ये मोकळी जागा होती.

पाचव्या भागात एक आंघोळ होती. मिस मोगरा धबधब्याखाली आंघोळ करते, हे अख्ख्या वऱ्हाडाला ठाऊक होतं. आठ वर्षांपूर्वी हा चित्रपट अमरावतीला लागला, तेव्हा थिएटरात उभं राहायला जागा मिळत नव्हती. तरीही तो पाहिलेला मनुष्य अमरावतीत आजपर्यंत सापडलेला नाही. ऐकलेले मात्र सगळे आहेत.

रिकाम्या जागेसमोर चौघंजण उभी होती. शेठ गोवर्धन कपाळाला हात लावून होते. यंत्र चालवणारा शालिकराम जमिनीकडे पाहत होता. आणि अमरावतीचे वकील भगवंतराव मिस मोगराच्या तोंडाकडे पाहत होते, कारण त्या त्यांच्या पक्षकार होत्या आणि त्यांचा एकुलता एक पुरावा त्या डब्यात होता.

"संपलं," मिस मोगरा म्हणाल्या. "आता शकुनचं लगन होत नाई."

२

मिस मोगरा म्हणजे वलगावची वच्छला. घरी भाजीचा आणि फुलांचा मळा. नवरा पटकीने गेला तेव्हा शकुन अंगावर पीत होती. पुढे पोरीला आईजवळ ठेवून वच्छला मुंबईला गेली. कंपनीच्या मालकाने विचारलं, गावी काय विकत होतीस? ती म्हणाली, मोगरा. तेवढ्यावर नामकरण झालं.

मग ती धावत्या घोड्यावरून पडली. जळत्या छपरावरून तिने उड्या टाकल्या. भुसा भरलेल्या मगरीशी कुस्ती खेळली. एकदा वाघही होता. वाघाला दात नव्हते, म्हणून कंपनी निर्धास्त होती. नखं होती, हे वच्छलाच्या पाठीवरून नंतर कळलं. कपडे दर चित्रपटात थोडे कमी होत गेले. बोलपट आले तेव्हा राजकन्येच्या वेषात उभी राहून ती वऱ्हाडीत "काहून?" म्हणाली आणि तिची कारकीर्द आटोपली. आता ती डाकूंच्या आया करी. उरलेल्या दिवसांत, जिथे तिचे जुने चित्रपट लागतील तिथे खेळाआधी रंगमंचावर येऊन हात जोडी. शेठजींच्या जाहिरातीत ते मोठ्या टाइपात असे: 'खुद्द मिस मोगरा! वऱ्हाड की बेटी!'

धबधब्याची बातमी वलगावला पोचली त्याच महिन्यात पंचांनी तिला जातीबाहेर टाकलं. शकुनला मामाने, म्हणजे देवीदासने, ठेवून घेतलं. आता शकुन सतरा वर्षांची होती आणि बाळापूरचं एक चांगलं स्थळ तिला चालून आलं होतं. मुलाचे चुलते उत्तमराव हे पंचांचे मुख्य. त्यांची अट एकच: आईने ती आंघोळ केली नाही असं सिद्ध करा.

हे काम घेऊन वच्छला भगवंतरावांकडे आली होती. भगवंतरावांना तेव्हा दुसरं काम नव्हतं. तसं ते कधीच फारसं नसे. तिने डावी बाही वर केली. कोपरापासून मनगटापर्यंत गोंदण होतं: तुळशीवृंदावन, खाली ठिपक्यांच्या ओळी, आणि वृंदावनाची एक रेघ भलतीकडेच वाकडी निघून गेलेली.

"गोंदताना देवीदासनं धक्का देल्ला," ती म्हणाली. "लहान होता. मार मलेच बसला."

शूटिंगच्या वेळी कंपनी गोंदणावर सफेदा फासत असे. पण धबधब्याखाली सफेदा टिकत नाही. आंघोळीला तिने नकार दिला, तेव्हा मालकाने दुसरी पोरगी पाण्यात उभी केली. तोंड वच्छलाचं, अंग दुसरीचं. पडद्यावरच्या त्या ओल्या हातावर गोंदण नाही, एवढं पंचांनी पाहिलं की झालं.

इतकी वर्षं हे सांगितलं का नाही, असं भगवंतरावांनी विचारलं.

"सांगतलं असतं तं पुढचं पिक्चर कोनं देल्लं असतं, वकीलसायेब? लोकं मायासाठी येत नोते. त्या पाण्यासाठी येत."

चित्रपटाची आता एकच प्रत उरली होती. ती अकोल्यात लागलेली पाहून भगवंतरावांनी पंचांना खास खेळाला यायची विनंती केली. असली घाण पाहणं आपल्याला शोभत नाही, असं पाचही पंचांचं मत पडलं, आणि चहा यायच्या आत पाचांनीही नाइलाजाने होकार दिला.

३

डबा गेला तो आदल्या दिवशीच; त्या रात्री खेळ नव्हता. त्या दुपारी सगळे शेठजींच्या कचेरीत खेळाची वेळ ठरवायला जमले होते: भगवंतराव, वच्छला, उत्तमराव आणि वलगावचा पंच म्हणून देवीदास. यंत्राच्या खोलीचं दार उकाड्यामुळे उघडं होतं आणि मोरीकडे जायची वाट त्याच दारावरून होती. चहा दोनदा झाला. मोरीकडे प्रत्येकजण जाऊन आला होता.

भगवंतरावांनी आधी शेठजींना धरलं. शेठजी दुःखी होते, पण त्यांच्या दुःखाला एकप्रकारची तुकतुकी होती.

"वकीलसाब, मेरा क्या फायदा चोरीत? खेळ बंद नाही होणार. पब्लिक खुश राहील."

"पाचवा भाग नसताना?"

शेठजींनी पानाची डबी उघडली, बंद केली आणि पुन्हा उघडली. मग ते आपल्या थिएटरबद्दल बोलू लागले. दुसऱ्या गावांत हे चित्र लागलं की मध्यंतरालाच बाकं रिकामी होतात. माझ्याकडे शेवटच्या पाटीपर्यंत एक माणूस उठत नाही. त्यांनी छातीवर हात ठेवला. धंदा म्हणजे डोकं पाहिजे.

भगवंतरावांनी स्वतःशी नोंद केली की शेठजींना हा पुरावा नको आहे. पडद्यावरची बाई मिस मोगरा नाही असं एकदा गावात पसरलं की 'वऱ्हाड की बेटी' पाहायला कोण येणार? शालिकरामला विचारलं तर तो म्हणाला, मालकाला विचारा. मालकाला विचारलं आहे असं सांगितलं, तेव्हा तो म्हणाला, मग झालं तर.

बाळापूरला उत्तमराव ओट्यावर बसले होते. जमीन बरीच, आवाज त्याहून मोठा. त्यांनी भगवंतरावांना ताक दिलं आणि नीतीवर बराच वेळ ऐकवलं. आपण आयुष्यात सिनेमाची पायरी चढलो नाही, कालचीच काय ती पहिली, तीही न्यायासाठी. डबा गेला तर देवाचीच इच्छा असेल. मुलींना बिघडवायची ही साधनं आहेत.

"अन् अक्कल तरी हाये का त्या पिक्चरले?" ते तावात आले. "बाई आधी मरते, अन् मंग आंघोळ करते! काही ताळतंत्र?" एवढं बोलून ते एकदम थांबले आणि ताकाकडे पाहू लागले. "असं लोकं सांगतात," ते म्हणाले.

भगवंतरावांनी ताक संपवलं. हा चित्रपट त्यांनी स्वतः आठ वर्षांपूर्वी अमरावतीत पाहिला होता, अर्थात वकिलाला समाजाची माहिती असावी या हेतूने. त्यांना स्वच्छ आठवत होतं: बाई आंघोळ करते आणि चांगले चार भाग उलटल्यावर मरते.

मेलेली बाई आंघोळ कशी करेल?

४

वलगावला देवीदासचा मळा पाण्याला जवळ होता. मोगऱ्याच्या ताटव्यात वाकून शकुन कळ्या खुडत होती आणि देवीदास बांधावर बसून तिला कुठली ओळ राहिली ते सांगत होता. मनुष्य तसा मऊ बोलणारा. आठ वर्षांपूर्वी त्याने भर पंचांत उभं राहून सख्ख्या बहिणीचं नाव टाकलं. इतका कठोर न्याय घरात करणारा माणूस म्हणून पुढे त्यालाच पंचांत घेतलं. तेव्हापासून कुणाच्याही घरच्या भांडणात देवीदासचा शब्द अखेरचा असे.

भगवंतरावांनी विचारलं, भाचीचं लग्न व्हावं असं वाटतं ना?

"काहून नाई वाटणार जी? म्याच वाढोली तिले. पण पुरावाच नाई तं पंच काय करतीन?" त्याने मातीचं ढेकूळ हातात चुरलं. "आमची इज्जत त्याच दिवशी गेली. अमरावतीच्या थेटरातून मध्यंतराले लोकं सोडा प्यायले बाहेर आले, तं वळखीच्या एकानं माया तोंडाकडं पाह्यलं नाई. खाली मान घालून गेला."

"तुम्ही होतात तिथे?"

"बाहेर. रस्त्यानं चाललो होतो. अंदर कोन जाते?"

निघताना शकुन फाटकापर्यंत आली. ओच्यात कळ्या होत्या. आईबद्दल ती काही बोलली नाही. डबा सापडेल का, एवढंच तिने विचारलं. भगवंतराव म्हणाले, प्रयत्न चालू आहे.

"मामा त्या दिवशी सिनेमाहून आले अन् जेवले नाई," ती अचानक म्हणाली. "मी लहान होती. आजीनं ताट वाढलं तं म्हणत, तिचा हात असा नोता, असा नोता. मले वाटलं, आजीच्या सैपाकाले म्हणून राह्यले."

मागून मामाची हाक आली. ती ओचा सावरत परत गेली.

टांगा अमरावतीच्या वाटेला लागला तेव्हा भगवंतरावांनी टांगेवाल्याला तो सरळ स्टेशनवर न्यायला सांगितलं. त्यांना अकोला गाठायचं होतं. डबा कोणी नेला हे त्यांना कळलं होतं, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे, डबा गेल्याने काहीच बिघडलेलं नाही हेही कळलं होतं.

५

पुढे ढकललेल्या खेळाला पंच जमले. पाच खुर्च्या पडद्यासमोर मांडल्या होत्या. वच्छला मागे, बायकांच्या जागेत पडद्याआड बसली. देवीदास टोकाच्या खुर्चीवर होता. पाचवा भागच नाही तर बोलावलं कशाला, असं त्याने विचारलं. उत्तमरावांनी उपरणं नाकाला लावलं होतं, पण डोळे मोकळे ठेवले होते.

"शालिकराम," भगवंतराव म्हणाले, "नववा डबा लाव."

शेठजी उठले. नववा म्हणजे शेवटचा, त्यात काही नाही, बाई मेलेली असते, असं ते घाईघाईने सांगू लागले. भगवंतराव म्हणाले, तेच पाहायचं आहे.

'भाग नववा' अशी पाटी आली. मिस मोगरा खंजीर लागून पडली. नायकाने तिचं डोकं मांडीवर घेतलं आणि बराच वेळ आकाशाकडे पाहिलं. मग पडदा थोडा थरथरला, आणि धबधबा सुरू झाला.

कोणी खोकलं नाही. पाण्याखाली एक पाठमोरी बाई होती. तिने डावा हात वर करून केस मोकळे केले. हात लांब, ओला आणि कोरा होता. त्यावर ठिपकासुद्धा नव्हता. मध्येच वच्छलाचा हसरा चेहरा दिसला, कोरडा ठणठणीत, आणि पुन्हा तो हात.

दिवे लागले. खात्रीसाठी पुन्हा एकदा दाखवावं, असं उत्तमरावांनी सुचवलं. खात्री दोनदा करण्यात आली.

मग भगवंतराव बोलले. शेठजींच्या थिएटरात शेवटपर्यंत कोणी उठत नाही, कारण ज्यासाठी लोक येतात ते शेठजींनी पाचव्या भागातून कापून शेवटाला चिकटवलं आहे. त्यामुळे इथे बाई आधी मरते आणि मग आंघोळ करते, आणि आजवर एकाही प्रेक्षकाने तक्रार केलेली नाही. डबा गेला तेव्हा शेठजींनी हे सांगितलं नाही. दुसऱ्याच्या फिल्मला कात्री लावली म्हणून कंपनी धरेल ही एक भीती, आणि हा पुरावा पुढे न आलेलाच बरा, हा दुसरा हिशेब. शालिकराम त्यांच्या पगारावर आहे.

"आता चोर. चोराने पाचवा डबा नेला. शेठजी आणि शालिकराम यांना पाचव्यात काय उरलंय ते ठाऊक होतं, ते नेणार नाहीत. बाईंना तर हा भाग दिसायलाच हवा होता. ज्याने चित्रपट इथे, अकोल्यात पाहिला, तो नववा नेता." ते उत्तमरावांकडे वळले. "म्हणून तुम्ही निर्दोष आहात, उत्तमराव. तुम्ही तो इथे पाहिलात, याचा मी साक्षीदार आहे."

उत्तमरावांनी ही निर्दोष मुक्तता खाली मान घालून स्वीकारली.

"आंघोळ पाचव्या भागात, मध्यंतराआधी होती, ती शेठजींची कात्री लागण्याआधी, म्हणजे अमरावतीत, आठ वर्षांपूर्वी. ज्याने ती तिथे पाहिली आणि भागाची पाटी लक्षात ठेवली, त्यानेच पाचवा आकडा शोधून डबा उचलला. त्या दिवशी चहाला आलेल्यांपैकी अशी माणसं दोनच उरतात. एक देवीदास. दुसरा मी. मी नेला नाही."

देवीदासने पडद्याकडे पाहिलं. पडद्यावर आता काही नव्हतं.

"फुलाच्या टोपल्यात नेला," तो म्हणाला. "हिरीत टाकला."

"त्यात घोडा होता," शालिकराम म्हणाला. "नुसता घोडा पळते."

मागे बायकांच्या जागेचा पडदा सरकला आणि वच्छला बाहेर आली.

"तुले माईत होतं," ती म्हणाली. "तूच धक्का देल्ला होता, देवीदास. हा हात तुयाएवढा कोन वळखते?"

"पह्यल्याच दिवशी माईत होतं."

"मंग पंचायसमोर काहून नाई बोलला?"

"बोललो असतो तं अंदर जाऊन पाह्यलं, हे सांगा लागलं असतं." त्याने उपरण्याने तोंड पुसलं. "एका महिन्यानं सांगू म्हटलं. मंग त्याईनं मले पंच केलं."

६

पंचांनी निकाल द्यायला तिथेच वेळ घेतला. शेठजींनी सोडा मागवला.

निकाल असा. आंघोळीच्या बाबतीत वच्छलाबाई निर्दोष. शकुनचं लग्न बाळापूरला व्हायला हरकत नाही. देवीदासने डबा चोरला हे वाईट, पण तो घराण्याच्या अब्रूपायी चोरला. त्याने देवाला नारळ वाहावा आणि मामा या नात्याने कन्यादान करावं. पंचपद कायम.

वच्छलाबाईंना मात्र जातीत घेता येत नाही. परक्या बाईचं अंग आपलं म्हणून लोकांना दाखवलं आणि त्यावर आठ वर्षं पोट भरलं, हे असत्य आहे. आंघोळ केली असती तर प्रायश्चित्त देता आलं असतं. असत्याला काय देणार? मांडवात त्यांनी येऊ नये.

उत्तमरावांनी हे वाचल्यासारखं, न अडखळता सांगितलं. चित्रपट आपण आधी कुठे पाहिला हा विषय पुन्हा निघाला नाही. भगवंतरावांनी तो काढला असता, पण मग लग्न मोडलं असतं. वच्छलाने त्यांच्याकडे पाहून नकारार्थी मान हलवली. त्यांनी कागद गुंडाळले. जिंकलेला खटला असा असतो हे त्यांना तोवर ठाऊक नव्हतं; जिंकण्याचा सराव नव्हता.

त्याच आठवड्यात शेठजींनी जाहिरातीतून 'खुद्द मिस मोगरा' काढून टाकलं. ती आंघोळवाली नाहीच असं अकोल्यात पसरलं होतं, आणि फसवणूक झाल्याबद्दल, चित्रपट कधीही न पाहिलेले लोक फार संतापले होते.

लग्नाआधी शकुन एका दुपारी आईला भेटायला जठारपेठेतल्या तिच्या खोलीवर आली. भगवंतराव तिथेच होते. फी घ्यायची की नाही हे ठरवत बराच वेळ बसले होते. वच्छलाने गोंदणारी बाई बोलावून ठेवली होती. लग्नाआधी पोरीला गोंदायचं ते आईने. मांडवात जायला बंदी होती, पण एवढं करायला कोणी मनाई केली नव्हती. गोंदणारी सुया मांडून बसली. तुळशीवृंदावन काढायचं, वच्छला म्हणाली, मायासारखं, पण सरळ काढजो बाई.

शकुनने हात पुढे केला नाही.

"मले नको, माय."

"अव, दुखत नाई एवढं."

"दुखण्याचं नाई." शकुनने आईचा डावा हात मांडीवर घेतला आणि वाकड्या रेघेवरून बोट फिरवलं. "तुयं नाव होतं, खूण होती, म्हणून साऱ्यायनं तुलेच धरलं. तू पाण्यात नोती तरी धरलं, अन् नोती हे कळलं तरी सोडलं नाई. अन् ते जे खरंच पाण्यात होती, कोऱ्या हाताची, तिचं नाव कोनी इचारलं का?"

भगवंतरावांच्या लक्षात आलं की आपणही विचारलं नव्हतं.

"कौशल्या," वच्छला म्हणाली. "मंग आजारी पडली. पुढं काय झालं माईत नाई."

"कोनालेच माईत नाई," शकुन म्हणाली. तिने बाही मनगटापर्यंत ओढून घेतली. "माया हात कोराच राहू दे."

गोंदणारीने सुया गुंडाळल्या आणि येण्याचे पैसे मागितले.